जीटॉक बंद पडलं, तरी सात वर्षं चाललं

परवा ऑफिसातला जुना कॉम्प्युटर भंगारात काढला. विंडोज ७ वाला. शेवटचा म्हणून चालू केला तर स्क्रीनवर पिजिनचं जांभळं पाखरू!

एकेकाळी तालुक्याच्या बातम्या आम्ही जीटॉकवरून जिल्ह्याच्या डेस्कला कळवायचो. डोंगलच्या रडतखडत नेटवरही ते चालायचं. फेब्रुवारी २०१५ मध्ये गूगलनं विंडोजवरचं जीटॉक बंद केलं. म्हणे, हँगआउट्स वापरा. आमच्या १ जीबी रॅमच्या डब्यावर क्रोम उघडेस्तोवर चहा पिऊन व्हायचा. शेवटी दुरुस्तीवाल्या पोरानं पिजिन टाकून दिलं, फुकटातलं. तेच जीमेल खातं, तीच माणसं, तेच हिरवे ठिपके. पुढं आम्हीही व्हॉट्सॲपवर गेलो ते सोडा, पण ती वाट थेट जून २०२२ पर्यंत उघडी होती.

ही काही पोराची जादू नव्हती. जीटॉक एक्सएमपीपी नावाच्या खुल्या पद्धतीवर चालायचं. बोलण्याचे नियम जाहीर, त्याप्रमाणे कुणीही आपलं सॉफ्टवेअर लिहावं. ईमेलसारखंच.

आता स्काइप बघा. २०१८ मध्ये मायक्रोसॉफ्टनं सांगितलं, जुनं स्काइप ७ आता १ सप्टेंबरपासून बंद. लोक खवळले, मुदत वाढली. पण वाढली ती कंपनीच्या मर्जीनं. ५ मे २०२५ ला अख्खं स्काइपच बंद झालं. जुनी सेटअप फाइल पेनड्राइव्हवर जपून ठेवणाऱ्यांनी आता तिचं काय करायचं? पलीकडं सर्व्हरच नाही.

‘अपडेट करा की’ म्हणणारे भेटतातच. जुनं सॉफ्टवेअर धोक्याचं असतं, मान्य. म्हणूनच तर नियम खुले हवेत. कंपनीनं हात झटकले तर दुसरा कुणी नवं, सुरक्षित सॉफ्टवेअर लिहील, आणि ते जुन्या मशीनवरही चालेल.

आज आमच्याकडं नळाला पाणी कधी येणार इथपासून प्रेसनोटपर्यंत सगळं एकट्या व्हॉट्सॲपवर. उद्या त्यांनी ‘तुमच्या फोनवर आता चालणार नाही’ म्हटलं की तो माणूस गावाबाहेर! युरोपीय महासंघानं कायदा करून व्हॉट्सॲपला दुसऱ्या ॲपशी जोडणी द्यायला भाग पाडलं. आपल्या कचेऱ्यांनी निदान लोकांना द्यायच्या सूचना तरी एकाच कंपनीच्या दारात बांधू नयेत. एवढं तर आपण मागू शकतो ना?

कॉम्प्युटर भंगारवाला घेऊन गेला. हार्डडिस्क मात्र मी काढून ठेवली. पिजिनमधल्या सगळ्या गप्पा साध्या फाइलींत आहेत, अजून उघडतात. डेस्कवरच्या साहेबांनी ‘फोटो कुठाय?’ असं किती वेळा विचारलंय, ते आता मोजत बसलोय.