मूकपटांतील संप आणि संपकऱ्यांची चूल

पडद्यावरचा संप म्हणजे मोर्चा, आवेशाने उंचावलेल्या मुठी आणि अखेरीस गोळीबार, अशी सर्वसाधारण समजूत आहे. मूकपटांच्या काळातील उत्तम कृतींना ती पुरती लागू पडत नाही. ग्रिफिथच्या ‘इन्टॉलरन्स’मध्ये (१९१६) कारखानदाराच्या बहिणीला समाजसुधारणेसाठी पैसा हवा असतो. तो उभा राहतो कामगारांच्या मजुरीत दहा टक्के कपात करून. परोपकाराचा खर्च अखेर कोण सोसतो, हा प्रश्न अर्थशास्त्राच्या वर्गातही इतक्या स्वच्छपणे क्वचितच मांडला जातो. मात्र ग्रिफिथचा संप पाहता पाहता चिरडला जातो.

आयझेनस्टाईनचा ‘स्ट्राइक’ (१९२५) अधिक खोल जातो. झारशाहीतील एका कारखान्यात कामगारावर चोरीचा खोटा आळ येतो, तो गळफास घेतो आणि यंत्रे थांबतात. बैलाच्या कत्तलीशी सांधलेला शेवटचा नरसंहार सर्वांच्या स्मरणात राहतो. मला त्याआधीचा भाग मोलाचा वाटतो. पहिले दिवस सुटीसारखे जातात. मग दुकान बंद, घरातील वस्तू बाजारात, नवराबायकोत भांडण. तिकडे भागधारक निवांतपणे लिंबू पिळीत मागण्यांचा समाचार घेत आहेत. मालक वर्षभर तग धरू शकतो, पुष्कळ मजूर आठवडाभरही नाही, असे ॲडम स्मिथने १७७६ मध्येच लिहून ठेवले होते. संप म्हणजे वाट पाहण्याची स्पर्धा, आणि ती आरंभापासूनच विषम. तरीही संप लांबला की कामगार हेकट ठरतो, मोडला की भित्रा! चुलीचा हिशेब कोणी मागत नाही.

लांगच्या ‘मेट्रोपोलिस’मध्ये (१९२७) मालक व मुकादम यांच्या हस्तांदोलनाने सारे मिटते. मजुरीचे काय झाले, हे विचारायचे नाही.

‘स्ट्राइक’च्याच वर्षी बाबूराव पेंटर यांचा ‘सावकारी पाश’ आला. त्यात संप नाही. कर्जापायी जमीन गमावलेला शेतकरी शहरात गिरणीकामगार होतो. तरीही हा चित्रपट या चर्चेत हवाच. १९२८ साली मुंबईच्या गिरण्यांतील संप सुमारे सहा महिने टिकला, त्यामागे कोकणात व घाटावर आपापल्या गावी परतलेल्या कामगारांच्या शेताचा आणि भाऊबंदांचा आधार होता. पेंटरांच्या शेतकऱ्याजवळ परतण्यासारखे शेतच उरले नव्हते.