घराला कुलूप, किल्ली उंबऱ्यावर!



बेणे, लागण, खताचा डोस यांवर आम्ही नेहमी लिहितो. आज कारखान्यातल्या एका दुर्लक्षित गोष्टीवर लिहिणे भाग आहे. ती म्हणजे यंत्राचा पासवर्ड.

पूर्वी वाफेचा दाब पाहून माणूस व्हॉल्व्ह फिरवी. आता ते काम पॅनेलमधला पीएलसी नावाचा छोटा संगणक करतो. जुने पीएलसी बनले तेव्हा यंत्र आपल्या जागी एकटे असे. तारेवरून हुकूम आला, की तो कुणाचा हे न विचारता ते पाळतात. पासवर्ड असलाच तर कंपनीने घालून दिलेला. दुरुस्तीच्या सोयीसाठी त्यालाच इंटरनेट जोडले, की चोराला आवतण दिल्यासारखे होते.

आमच्या भागातल्या एका कंट्रोल रूममध्ये पासवर्ड पॅनेलच्या दारावर खडूने लिहिलेला आम्ही पाहिला. विचारले तर उत्तर मिळाले, "साहेब, पाळी बदलते, विसरायला नको."

"आपल्यावर कोण कशाला हल्ला करतंय?" असे कुणी म्हणेल. अमेरिकेतले अलिक्विपा हे लहानसे गाव. नोव्हेंबर २०२३ मध्ये तिथल्या पाणीपुरवठ्याच्या पंपावरचा पीएलसी परक्यांनी ताब्यात घेतला. त्या बनावटीच्या यंत्राचा मूळ पासवर्ड होता '११११'! कामगारांना पंप हाताने चालवता येत होता, म्हणून पाणी थांबले नाही. शोधणारा गावाचे नाव पाहत नाही, उघडे दार पाहतो.

१२ ऑक्टोबर २०२० रोजी मुंबईची वीज गेली. राज्य शासनाने सायबर घातपाताचा संशय घेतला, केंद्राने मानवी चूक म्हटले. सातारा-सांगलीतले अनेक कारखानेही आज सहवीज निर्माण करून विकतात. तेव्हा हा विषय आपल्या दारातलाच आहे.

गाळप एक दिवस बंद पडले तर तोडलेला ऊस गाडीतच वाळतो. वजन घटते, उतारा पडतो. नुकसान अखेर सभासदाचेच.

उपायांना फार पैसा लागत नाही. मूळ पासवर्ड बदलावेत. इंटरनेटची जोडणी दुरुस्तीपुरतीच, आपल्या माणसासमोर उघडावी. प्रोग्रामची प्रत वेगळी ठेवावी. हाताने यंत्र चालवण्याचा सराव हंगामापूर्वी घ्यावा.

तारण साखरेच्या गोदामाला बँकेचे कुलूप असते. मग साखर करणाऱ्या यंत्राला का नसावे? येत्या वार्षिक सभेत हा प्रश्न आपण जरूर विचारावा, असे आमचे स्पष्ट मत आहे.