महाग चॉकलेटची रास्त किंमत
परवा दुकानात एका आजींनी साठ ग्रॅम चॉकलेटची किंमत वाचली आणि वडी अगदी जपून, सोन्याची बांगडी ठेवावी तशी, जागेवर ठेवली. त्यांचा धसका मला कळतो, तरी मी त्या किमतीच्या बाजूचा आहे. कोकोच्या एका फळात तीस-चाळीस बिया. त्या गरासकट पाच-सहा दिवस आंबवायच्या आणि मग वाळवायच्या. चॉकलेटच्या चवीचा पाया या आंबवण्यातच पडतो. तिथे घाई झाली तर पुढे कितीही साखर घाला, उपयोग नाही. मग भाजणं, टरफलं पाखडणं आणि दोन-तीन दिवस अखंड दगडी दळण. (जगभरचे छोटे चॉकलेटवाले यासाठी जी यंत्रं वापरतात, त्यांतली कितीतरी आपल्या इडलीच्या ग्राइंडरवरूनच आली आहेत, याचा मला फार अभिमान वाटतो.) त्यात जगातला निम्म्याहून अधिक कोको आयव्हरी कोस्ट आणि घाना या दोनच देशांतून येतो. तिथे पाऊस आणि झाडांचे रोग यांनी पीक मारलं, तेव्हा वर्षानुवर्षं टनाला दोन-तीन हजार डॉलरच्या आसपास असलेला भाव डिसेंबर २०२४ मध्ये बारा हजारांवर गेला. स्वस्त वडी स्वस्त राहते ती कोकोऐवजी साखर आणि कोको बटरऐवजी वनस्पती तेल घालून. सोनेरी खोक्याचे पैसे मात्र मुळीच देऊ नका. वेष्टन उलटून घटक वाचा. डार्क म्हणवणाऱ्या वडीत पहिलं नाव साखरेचं असेल, तर ती खुशाल परत ठेवा.