निष्ठेचे गुण

निष्ठा हा शब्द आपल्या भाषेत फार जपून वापरण्याचा आहे. पावनखिंडीत उभे राहणाऱ्या बाजीप्रभूंच्या नावापुढे तो शोभतो. पाऊस असो, ऊन असो, आषाढीची वाट न चुकवणाऱ्या वारकऱ्याच्या बाबतीत तो वापरला तर कोणी हसत नाही. आता हाच शब्द विमान कंपन्यांनी आणि बँकांनी उचलला आहे. त्यांच्या 'लॉयल्टी प्रोग्राम'चे सरळ मराठी केले तर 'निष्ठा-योजना' असेच होईल. या योजनेत निष्ठा दाखवायची म्हणजे पैसे खर्च करायचे, आणि त्याबद्दल जे मिळते त्याला पॉइंट म्हणतात. मी शिक्षक असल्यामुळे त्याला गुण म्हणतो.

गुण देणे हा माझा रोजचा धंदा आहे. म्हणूनच या प्रकाराविषयी दोन शब्द बोलण्याचा मला थोडा अधिकार पोहोचतो असे मी समजतो. फराळाचे ताट समोर असताना हिशेब काढून बसणे काही वाचकांना अरसिकपणाचे वाटेल. पण लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी वहीला हळदकुंकू वाहणारी आपण माणसे; वर्षातून एकदा ती वही उघडून पाहायला हरकत नसावी.

प्रथम हे गुण मिळतात कसे, ते सांगतो. १ मे १९८१ रोजी अमेरिकन एअरलाइन्स या कंपनीने 'अ‍ॅडव्हान्टेज' नावाची योजना काढली आणि ही पद्धत जगभर रुळली. तेव्हाचा नियम लहान मुलालाही कळावा असा होता. जितके मैल उडाल तितके मैल तुमच्या खाती जमा होतील, आणि पुरेसे साठले की एक प्रवास फुकट. पुढे कंपन्यांच्या ध्यानात आले की लांबचा प्रवास स्वस्तात करणारा पाहुणा जवळचा प्रवास महागात करणाऱ्यापेक्षा जास्त मैल घेऊन जातो. मग मैल गेले आणि पैसे आले. आपल्या एअर इंडियाच्या योजनेचे नाव आता महाराजा क्लब आहे. तिनेही २०२४ साली अंतर सोडून तिकिटाच्या रकमेवर गुण मोजायला सुरुवात केली. (१९४६ साली बॉबी कुका यांच्या कल्पनेतून आणि उमेश राव यांच्या कुंचल्यातून उतरलेला तो मिशाळ महाराजा पाहुण्यापुढे कमरेत वाकत असे. आता तो वाकण्याआधी तिकिटाची रक्कम पाहतो, असे म्हणायला जागा आहे.)

पण विमानात बसून मिळणारे गुण हा या कथेतला लहान भाग आहे. खरी मौज जमिनीवर चालते. आज आमच्या कॉलेज रोडवर किंवा गंगापूर रोडवर कोणत्याही सुशिक्षित घरात जा. तांदूळ, शाळेची फी, डॉक्टर, दिवाळीचे कपडे, सगळे क्रेडिट कार्डावर घेतले जाते, आणि का, तर 'पॉइंट मिळतात'. माझे एक मेहुणे आहेत. सज्जन माणूस, बँकेची बाकी वेळेवर फेडणारा. ते भाजीसुद्धा मंडईतून न आणता मोठ्या मॉलमधून आणतात. गंगेवर बसणारी भाजीवाली कार्ड घेत नाही, हे त्याचे कारण. गेल्या उन्हाळ्यात त्यांनी मला अभिमानाने सांगितले, "आमचं गोव्याचं तिकीट फुकट झालं!" फुकट हा शब्द त्यांनी इतक्या निरागसपणे उच्चारला, की मला पाटीवर हिशेब मांडणे भाग पडले.

माझे शिक्षण मॅट्रिकपुरते. त्रैराशिकापलीकडे माझे गणित जात नाही, आणि या हिशेबाला त्रैराशिकच पुरते. उदाहरण मी बनवलेले आहे. आकडे तुम्ही आपापल्या कार्डाचे घाला. घरखर्च महिन्याला ४०,००० रुपये, तो सगळा कार्डावर, म्हणजे वर्षाला ४,८०,०००. दर शंभराला दोन गुण धरले तर वर्षाचे ९,६०० गुण होतात. गोव्याचे तिकीट रोखीने ५,००० रुपयांचे आहे. तेच गुणांवर घ्यायचे तर ८,००० गुण लागतात, आणि वर १,००० रुपये कर-फी म्हणून रोख द्यावे लागतात. म्हणजे ८,००० गुणांनी वाचवले ४,००० रुपये. एका गुणाची किंमत पन्नास पैसे. ९,६०० गुणांचे झाले ४,८०० रुपये. इथपर्यंत मेहुणे खूष असतात. आता कार्डाची वार्षिक फी ३,००० रुपये आणि तिच्यावर अठरा टक्के जीएसटी धरून ३,५४० वजा करा. उरले १,२६०. पावणेपाच लाखांच्या वर खर्च करून वर्षभराच्या निष्ठेचे हे बक्षीस! शंभर रुपयांमागे सव्वीस पैसे.

आणि हेसुद्धा केव्हा? गुण मुदतीत वापरले, हवी त्या तारखेला गुणांची जागा मिळाली, आणि एकदाही बिल थकले नाही तर. क्रेडिट कार्डाचे व्याज महिन्याला साडेतीन टक्क्यांच्या आसपास असते, वर्षाला बेचाळीस. चाळीस हजारांचे बिल एकच महिना पुढे ढकलले की १,४०० रुपये व्याज लागते आणि सगळे वर्ष धुऊन जाते. शिवाय बाकी राहिली की नव्या खरेदीची बिनव्याजी मुदतही जाते, हे किती घरांत ठाऊक असते? पेट्रोल, घरभाडे, सरकारी भरणा यांच्यावर बहुतेक कार्डे गुण देत नाहीत किंवा नाममात्र देतात, ते मी धरलेलेच नाही. 'पॉइंट मिळतात' म्हणून घेतलेला एखादा दुसरा मिक्सरही धरलेला नाही. तो तर कोणीच धरत नाही.

कोणी म्हणेल, मास्तर, ज्याला हिशेब येतो त्याचा तर फायदा होतो ना? होतो. मी नाकारत नाही. अमेरिकेत १९९९ साली कॅलिफोर्नियातल्या एका इंजिनियरने पुडिंगच्या डब्यांवरची कुपने पाहिली. कुपनावर मिळणाऱ्या मैलांची किंमत डब्याच्या किमतीहून अधिक आहे हे त्याने ताडले आणि १२,१५० डबे विकत घेतले. खर्च तीन हजार डॉलरांहून थोडा जास्त झाला आणि मैल मिळाले साडेबारा लाख. कुपने सोलायला घरची माणसे पुरेनात, तेव्हा त्याने पुडिंग एका धर्मादाय संस्थेला दिले आणि तिथल्या स्वयंसेवकांकडून कुपने सोलवून घेतली. त्या माणसाच्या बुद्धीला माझा नमस्कार. परंतु तो एक होता, म्हणून त्याची गोष्ट झाली. धंद्यासाठी महिन्यातून चारदा दिल्लीला जाणाऱ्या माणसाचेही मला नवल नाही. तिकीट कंपनीच्या पैशाचे आणि गुण स्वतःच्या खात्यात, हा व्यवहार त्याला न परवडला तरच आश्चर्य.

माझे भांडण त्यांच्याशी नाही. माझा प्रश्न निराळा आहे. मेहुण्यांच्या पदरात पडलेले हे पैसे आले कोणाच्या खिशातून?

रविवार कारंज्यावरच्या कोणत्याही दुकानदाराला विचारा. तुम्ही हजार रुपयांचा माल घेऊन कार्ड घासता, तेव्हा त्याच्या हाती हजार पडत नाहीत. क्रेडिट कार्ड असेल तर सुमारे दीड-दोन टक्के, कधी त्याहून अधिक, मधल्यामध्ये कापले जातात. त्यातूनच बँकेचा नफा निघतो आणि त्यातूनच तुमचे गुण. डेबिट कार्डाच्या कमिशनला रिझर्व्ह बँकेने २०१२ पासून वरची मर्यादा घातली. यूपीआयवर आणि रुपे डेबिट कार्डावर २०२० च्या जानेवारीपासून व्यापाऱ्याकडून कमिशन घेतले जात नाही. क्रेडिट कार्डाला मात्र तशी मर्यादा नाही, आणि गुणांचा पाऊसही नेमका तिथेच पडतो. हा योगायोग नव्हे. युरोपात २०१५ साली कायद्याने क्रेडिट कार्डावरचे बँकांमधले शुल्क ०.३ टक्क्यावर आणले, आणि तिथली बक्षिसे आटली. नळ बंद केला आणि हौद कोरडा पडला, तर पाणी कुठून येत होते हे सांगायला ज्योतिषी लागत नाही.

आता दुकानदार काय करतो? तो धर्मशाळा चालवीत नाही. कापले जाणारे दोन टक्के तो मालाच्या किमतीत घालतो. ती किंमत सर्वांना एकच असते. मेहुणे तूरडाळ घेतात त्याच भावाने त्यांच्याकडे धुणीभांडी करणारी बाई रोख नोटा मोजून तीच डाळ घेते. मेहुण्यांना त्यांच्या भागातले थोडे गुणांच्या रूपाने परत मिळतात. तिला काहीच मिळत नाही. तिच्याकडे कार्ड नाही आणि मिळणारही नाही, कारण तिच्या पगाराची चिठ्ठी निघत नाही. म्हणजे मेहुण्यांच्या गोव्याच्या विमानाला पाचदहा पैशांची वर्गणी त्या बाईने दिली आहे. दिंडोरीच्या द्राक्षबागेत छाटणी करणाऱ्या मजुराने दिली आहे. त्यातल्या कोणालाही पावती मिळालेली नाही. सणाच्या दिवसांत हे ऐकायला बरे वाटत नाही, ठाऊक आहे. पण 'फुकट' हा शब्द मी काढलेला नाही.

दुसरी बाजू कंपनीची. तिला आपल्या निष्ठेची किंमत किती आहे, ते करोनाच्या साली उघड झाले. २०२० च्या जूनमध्ये अमेरिकेतल्या युनायटेड एअरलाइन्सला कर्ज हवे होते. विमाने जमिनीवर उभी होती. तेव्हा कंपनीने आपली गुणांची योजना तारण म्हणून पुढे केली. तिची किंमत ठरली सुमारे २,२०० कोटी डॉलर, म्हणजे शेअर बाजारात खुद्द कंपनीची जी किंमत होती तिच्याहून अधिक! डेल्टा या दुसऱ्या कंपनीला एका कार्ड कंपनीकडून २०२४ या एका वर्षात ७०० कोटी डॉलरांहून अधिक मिळाले. विमान कंपनी गुण छापते आणि बँकेला विकते. बँक ते आपल्याला वाटते. विमाने उडवणे हा जोडधंदा झाला की काय अशी शंका येते.

आणि हे चलन कसले? रुपयाच्या नोटेवर निदान गव्हर्नरांची सही आणि वचन असते. गुणाचा दर छापणाऱ्याच्या हाती असतो. आज आठ हजारांत मिळणारे तिकीट उद्या बारा हजारांत जाईल, आणि नियमांच्या बारीक अक्षरांत तशी परवानगी आपण आधीच देऊन बसलेलो असतो. परीक्षा झाल्यावर मी पस्तीसाऐवजी पन्नासला पास करू लागलो, तर पालक शाळेवर मोर्चा आणतील. इथे तेच पालक 'नियम बदलले वाटतं' म्हणून गप्प बसतात. माझ्या एका शेजाऱ्यांचे साठवलेले गुण मुदत संपून एका रात्रीत गेले. कंपनीचे नाव मी घेत नाही. विचारायला गेले तर यंत्र बोलले, आणि तेही इंग्रजीत.

आम्हा नाशिककरांना तर या निष्ठेची जास्तच गंमत वाटावी. ओझरला मिग बनवणारा कारखाना साठाच्या दशकातला. पण साध्या उतारूच्या विमानासाठी आमची वर्षानुवर्षे ओढाताण चालली. २०१८ च्या जूनमध्ये जेट एअरवेजने ओझर-दिल्ली विमान सुरू केले. कित्येकांनी लगेच जेटप्रिव्हिलेजचे सभासदत्व घेतले. १७ एप्रिल २०१९ च्या रात्री जेटचे शेवटचे विमान उडाले; ओझरच्या सेवेला वर्षही झाले नव्हते. गुण बुडाले नाहीत, कारण योजना वेगळ्या कंपनीच्या नावावर होती. पुढे तिचे नाव इंटरमाइल्स झाले. पण ज्या विमानासाठी ते गोळा केले ते विमान राहिले नाही. लग्नाची पत्रिका हाती आणि मांडव उठलेला, अशातली गत! गेल्या काही वर्षांत ओझरहून सुटणारी नियमित विमाने बहुतेक एकट्या इंडिगोचीच असतात. दुसरे दुकानच नसलेल्या गावात गिऱ्हाइकाने निष्ठा दाखवली म्हणून त्याची पाठ थोपटावी तसे हे आहे. त्याच इंडिगोने २००६ पासून अठरा वर्षे, मधली एक कार्डाशी जोडलेली योजना सोडली, तर गुणांवाचून धंदा केला आणि देशातली सर्वांत मोठी विमान कंपनी होऊन दाखवली. लोक गेले ते भाडे आणि वेळ पाहून. ब्लूचिप नावाची योजना तिने २०२४ मध्ये काढली, मोठी झाल्यावर.

२०२७ मध्ये सिंहस्थ आहे. रामकुंडावर पुण्य गोळा करायला लाखो लोक येतील. त्या पुण्याचा हिशेब चित्रगुप्ताकडे असतो आणि तो मध्येच दर बदलत नाही, अशी आपली समजूत आहे. कार्डवाल्या बँकांकडून चित्रगुप्ताची अपेक्षा मी करीत नाही. माझे मागणे किराणा दुकानापुरते आहे. साठलेल्या गुणांचा दर बदलायचा तर एक वर्ष आधी कळवावे, आणि जुन्या गुणांना जुना दर ठेवावा. आणि कार्ड घासल्यावर निघणाऱ्या बिलावर एक ओळ वाढवावी: या खरेदीत बँकांनी कापून घेतले इतके रुपये, त्यातून तुम्हाला परत दिले इतके. डाळ रोखीने घेणाऱ्या बाईच्या बिलावरही ती ओळ छापावी. दुसऱ्या रकान्यात शून्य घालावे.

बिलावर जागा नाही, असे उत्तर येईल. सीजीएसटी आणि एसजीएसटी असे एकाच कराचे दोन तुकडे, दोन्हींचे टक्के, दोन्हींच्या रकमा आणि खाली 'पुन्हा या' एवढे सगळे त्याच चिटोऱ्यावर बसते, हे मी काल चिवडा घेताना पाहून आलो आहे.