गुलामांचा धर्म? : एका सोयीच्या वाक्याविरुद्ध

काही वाक्ये साहित्याच्या वर्गात वर्षानुवर्षे तपासणीवाचून फिरत राहतात. 'आरंभीचा ख्रिस्ती धर्म हा गुलामांचा आणि दरिद्री जनांचा धर्म होता' हे त्यांपैकी एक. नीत्शे शिकवताना ते तुच्छतेने उच्चारले जाते, मार्क्सवादी समीक्षा शिकवताना कौतुकाने. सूर बदलतो, वाक्य तेच राहते. आमचा आक्षेप सुराला नसून वाक्याला आहे. ते अर्धे खरे आहे, आणि अर्धे खरे असल्यामुळेच नवा करार नीट वाचण्याच्या आड येते.

या वाक्याची वंशावळ पाहण्यासारखी आहे. इ.स. १७८ च्या सुमारास सेल्सस या ग्रीक लेखकाने ख्रिस्ती मंडळींची टिंगल केली ती याच मुद्द्यावर : लोकर पिंजणारे, जोडे शिवणारे, कपडे धुणारे, अशी अडाणी माणसे घराघरांत शिरून बायकामुलांना फितवतात. त्याचा ग्रंथ हरवला. ऑरिजेनने सुमारे सत्तर वर्षांनंतर त्याचे खंडन करताना दिलेल्या उताऱ्यांमुळे तो आपल्याला ठाऊक आहे. पुढे एंगेल्सने १८९४ साली आणि काउट्स्कीने १९०८ साली हीच निंदा उलटी करून गौरव म्हणून मांडली. वैऱ्याची शिवी मित्राने बिरूद म्हणून मिरवावी, यात गैर काही नाही. पण शिवी ही जनगणना नव्हे, एवढे भान समीक्षकाने ठेवायला हवे होते.

आता करिंथ पाहू. पौल तेथील मंडळीला इ.स. ५४ च्या आसपास पत्र लिहितो, तेव्हा तुमच्यात ज्ञानी, बलवान, कुलीन असे फार जण नाहीत असे म्हणतो. 'फार जण नाहीत' याचा अर्थ 'कोणीच नाही' असा होत नाही. करिंथहूनच लिहिलेल्या रोमकरांस पत्राच्या शेवटी नगराचा कारभारी एरास्त भेटतो, सगळ्या मंडळीचे आतिथ्य करणारा गायस भेटतो, आणि किंख्रियाची फीबी भेटते, जी अनेकांची आश्रयदाती होती. गेर्ड थाइसन यांनी १९७० च्या दशकात आणि वेन मीक्स यांनी १९८३ सालच्या ग्रंथात हेच दाखवून दिले : ही मंडळी एका थराची नव्हती, अनेक थरांची होती.

येथे संस्थेचा प्रश्न येतो, आणि आमच्या मते खरी गोम येथेच आहे. त्या काळी चर्चच्या इमारती नव्हत्या. मंडळी जमे ती कोणाच्या तरी घरी. ज्याचे घर बऱ्यापैकी मोठे, त्याच्या पदरी गुलाम असण्याचा संभव अधिक. प्रेषितांच्या कृत्यांत लुदियेसारखी जांभळ्या वस्त्रांची व्यापारीण बाप्तिस्मा घेते तेव्हा तिचे सारे घराणेही घेते. म्हणजे गुलाम मंडळीत होता खरा, पण कित्येकदा तो धन्याच्या मागून आलेला होता. ज्याला बंडखोर म्हणून आपण वर्गात उभे करतो, त्याला तेथे येण्यासंबंधी कोणी विचारले तरी होते काय?

करिंथच्या पत्रातील भोजनाचा प्रसंग या दृष्टीने वाचावा. प्रभुभोजनाला काही जण उपाशी राहतात, काही झिंगतात. रोमन मेजवानीत हे नवल नव्हते : पाहुण्यांच्या दर्जाप्रमाणे तीन प्रतींचे मद्य वाढणाऱ्या यजमानाची हकीकत धाकट्या प्लिनीने एका पत्रात नापसंतीने नोंदवली आहे. पौल चिडतो, ते योग्यच. पण त्याचा तोडगा काय? एकमेकांसाठी थांबा, भूक लागली असेल तर घरी जेवा. पंगतीतला भेद तो मोडत नाही, घरी धाडतो.

याचा अर्थ सारे थोतांड होते असा कोणी काढू नये. इ.स. १९७ च्या सुमारास टर्टुलियन मंडळीच्या सामायिक पेटीचे वर्णन करतो : ऐच्छिक वर्गणी, आणि तिच्यातून गरिबांचे दफन, अनाथांचे पोषण, थकलेले चाकर, खाणीत धाडलेले कैदी. इ.स. २५१ च्या सुमारास रोमचा बिशप कॉर्नेलियस आपल्या पत्रात ४६ वडीलजनांबरोबरच १,५०० हून अधिक विधवांची आणि गरजूंची गणती देतो. इ.स. ३०३ मध्ये उत्तर आफ्रिकेतील किर्ता येथे अधिकाऱ्यांनी प्रार्थनाघराची जप्ती केली, तेव्हा यादीत सोन्याचे दोन आणि चांदीचे सहा प्याले निघाले. त्यासोबत बायकांचे ८२ अंगरखे आणि ४७ जोडी पादत्राणे. आम्हांस ही यादी अनेक प्रवचनांपेक्षा बोलकी वाटते.

पण त्याच पेटीविषयी इग्नेशियस दुसऱ्या शतकाच्या आरंभी स्मर्नाच्या बिशपला बजावतो : गुलामांनी मंडळीच्या पैशाने मुक्त होण्याची इच्छा धरू नये. अशी इच्छा धरणारे गुलाम होते, म्हणूनच ना ही ताकीद? पेटी भाकर देत होती, दफन देत होती. तिच्यातून मुक्तीही मागावी असे वाटणारा माणूस या एका नकारात आपल्याला ओझरता दिसतो. यावर 'काळच तसा होता' असे उत्तर ठरलेले. परंतु चौथ्या शतकात निसाच्या ग्रेगरीने त्याच शास्त्राच्या आधारे माणूस विकत घेण्यावरच हल्ला चढवला. विचार अशक्य नव्हता; संस्थेला तो परवडत नव्हता.

मराठी वाचकाची अडचण आणखी एका शब्दाने वाढवली आहे. ग्रीक 'डूलोस'साठी आपल्या प्रचलित अनुवादांत 'दास' येतो. जनाबाई स्वतःला नामदेवांची दासी म्हणवते, समर्थांच्या नावातच दास आहे. या शब्दाला आपल्या कानी भक्तीचा गोडवा आहे. फिलेमोनास लिहिलेल्या पत्रातला अनेसिम मात्र मालकीचा माणूस आहे, आणि पौल त्याची मुक्तता स्पष्ट मागतो की नाही, यावर आजही वाद आहे. 'दास' वाचणाऱ्याला हा वाद सुचणारच नाही. स्वतःला ख्रिस्ताचा डूलोस म्हणवणारा पौल बाजारातले रूपक उचलतो. आपण त्या रूपकावरची धूळ पुसता पुसता बाजारच पुसून टाकला आहे.

म्हणून शिक्षकांस आमचे सांगणे एवढेच, की 'गुलामांचा धर्म' हे वाक्य फळ्यावर लिहिण्याआधी एक पत्र वाचावे. इ.स. ११२ च्या सुमारास बिथिनियाचा सुभेदार असलेला तोच प्लिनी सम्राट ट्रेजनला कळवतो, की सत्य काढण्यासाठी आपण दोन गुलाम स्त्रियांचा छळ केला. त्यांना मंडळीत 'सेविका' म्हणत; हे पदाचे नाव होते. म्हणजे मंडळीने त्यांना पद दिले होते, आणि कायद्याच्या लेखी त्यांचे शरीर छळासाठी मोकळेच राहिले होते. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत. त्यांतली एक गाळली की निंदा तयार होते, दुसरी गाळली की गौरव. अतिरेकी अंधश्रद्धेपलीकडे काही सापडले नाही, असे प्लिनी लिहितो. त्या दोघींची नावे लिहावीत असे त्याला वाटले नाही.