सोळा सूत्रं आणि देवळालीचे मास्तर

मागच्या रविवारी भाची घरी आली होती. पाचवीत आहे. आल्या आल्या म्हणाली, "मामा, ६५ चा वर्ग सांग, पटकन!" मी मोबाईल शोधेपर्यंत तिने ४२२५ सांगून टाकलं. सहा साते बेचाळीस, पुढे २५ चिकटवायचे. झालं.

"भारीच! पण असं का होतं गं?"
"वेदात आहे. क्लासमध्ये सांगितलंय."

विषय संपला. आणि माझं डोकं फिरलं.

हे 'वैदिक गणित' आलं कुठून? पुरीच्या गोवर्धन मठाचे शंकराचार्य भारती कृष्ण तीर्थ यांनी ते लिहिलं. १९६० मध्ये ते वारले आणि १९६५ मध्ये बनारस हिंदू विद्यापीठाने पुस्तक छापलं. त्यात १६ सूत्रं, अथर्ववेदाच्या परिशिष्टातली म्हणून. गंमत म्हणजे खुद्द संपादक वासुदेवशरण अग्रवाल यांनीच प्रस्तावनेत मान्य केलंय की ही सूत्रं कुठल्याही ज्ञात परिशिष्टात नाहीत. त्याआधी १९५० मध्ये गणिताचे इतिहासकार कृपाशंकर शुक्ल छापील परिशिष्टं घेऊन स्वामीजींकडे गेले होते, यात दाखवा म्हणाले. उत्तर मिळालं, ती माझ्या स्वतःच्या परिशिष्टात आहेत!

आता सांगा, उद्या तुमच्या टीममधला कोणी म्हणाला, "हे फंक्शन मूळ कोडमध्येच आहे, पण फक्त माझ्या मशीनवरच्या कॉपीत दिसतं", तर तुम्ही मर्ज कराल?

लोक म्हणतात, "जाऊ दे ना रे, मुलांची गणिताची भीती तर जाते!" जाऊ दे की. युक्त्या छानच आहेत, माझा राग लेबलवर आहे. दशकाचा अंक 'अ' धरा. (१०अ + ५) चा वर्ग म्हणजे १००अ(अ + १) + २५. आठवीचं बीजगणित, दोन मिनिटांचं काम. ही दोन मिनिटं 'वेदात आहे' या दोन शब्दांनी खाल्ली. ज्या पोरीने "का?" विचारायचं, तिला उत्तर आधीच देऊन गप्प बसवलं.

आणि अभिमानच हवा असेल तर तो खोटा कशाला? नाशिकहून भुसावळकडे जाताना चाळीसगाव लागतं. तिथून जवळच पाटण्याला १२०७ सालचा शिलालेख सापडला. भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला, त्याची ही नोंद. दगडात कोरलेली! कुणाच्या खाजगी परिशिष्टात नाही.

तेही लांब वाटत असेल तर देवळालीला जा. द. रा. कापरेकर तिथल्या शाळेत १९६२ पर्यंत मास्तर होते. चार अंकी संख्या घ्या, सगळे अंक सारखे नकोत. अंक उतरत्या क्रमाने मांडा, त्यातून चढत्या क्रमाची संख्या वजा करा. पुन्हा तेच. त्या पुस्तकाचंच साल घेऊ, १९६५:

९६५१ − १५६९ = ८०८२
८८२० − ०२८८ = ८५३२
८५३२ − २३५८ = ६१७४

यापुढे कितीही करा, ६१७४ च. कुठल्याही संख्येला जास्तीत जास्त सात पायऱ्या. कापरेकरांनी हे १९४९ च्या सुमारास मांडलं. इथल्या विद्वानांनी फारसं मनावर घेतलं नाही. १९७५ मध्ये मार्टिन गार्डनरने 'सायंटिफिक अमेरिकन'मध्ये लिहिलं, तेव्हा जगाला कळलं. मास्तरांनी एका संख्याप्रकाराला तर 'देवळाली संख्या' असंच नाव दिलं. ऋषींच्या नावावर खपवणं त्यांना सहज जमलं असतं. त्यांनी आपल्या गावाचं नाव दिलं, आणि तपासून बघायला सगळं उघडं ठेवलं.

गेल्या रविवारी भाचीला ६१७४ दाखवलं. अर्धा तास वही भरून वजाबाक्या करत होती. मग मान वर करून म्हणाली, "मामा, पण असं का होतं?"

बस्स. एवढंच हवं होतं.