जीन्सवर खापर फोडण्याआधी...

डिसेंबर २०२४ मध्ये नागपुरात सरसंघचालक मोहन भागवत यांनी जननदर २.१च्या खाली जाऊ नये असं सांगितलं आणि लोकसंख्येची चर्चा पुन्हा तापली. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार (२०१९-२१) महाराष्ट्राचा जननदर १.७ आहे. अशा चर्चेत एक वाक्य हमखास कानावर येतं, ‘शिकलेल्यांना मुलं कमी, गरिबांना जास्त, म्हणजे पुढची पिढी ढ निघणार!’ तुम्ही मुलचेरा तालुक्यात राहत असाल, मग घर गोंड-माडिया असो की पुनर्वसित बंगाली, तर हा टोला कुणाला आहे ते वेगळं सांगायला नको.

जरा तपासून बघू या. बुद्धीत आनुवंशिकतेचा वाटा असतो, हे खरं. पण तो असंख्य जनुकांत विखुरलेला, आणि एकेकाचा परिणाम चिमूटभर. विसाव्या शतकात अनेक देशांत बुद्ध्यांक चाचण्यांचे गुण दर दहा वर्षांनी सुमारे ३ने वाढत गेले. दोन-तीन पिढ्यांत जनुकं एवढी बदलत नाहीत. बदललं ते शाळा, आहार, आजारपण. नॉर्वेत पुढे गुण घसरले, तेव्हा २०१८ मधल्या अभ्यासात ही घसरण सख्ख्या भावांमध्येही दिसली. आईबाप तेच, तरी गुण कमी. मग दोष ‘कुणाला किती मुलं’ याचा कसा?

गडचिरोलीत जनुकांचा खरा प्रश्न वेगळाच आहे, तो म्हणजे सिकलसेल. वाहकाला, म्हणजे ‘एएस’ असणाऱ्याला, गंभीर मलेरियापासून संरक्षण मिळतं. म्हणून मलेरियाच्या पट्ट्यात हे जनुक टिकलं. वाहक आजारी नसतो. पण नवराबायको दोघंही वाहक असतील, तर प्रत्येक गरोदरपणात बाळ ‘एसएस’ निघण्याची शक्यता २५ टक्के. अशा मुलाला रक्तक्षय असतो, कधी मेंदूला नकळत इजा होते, अभ्यासात लक्ष लागत नाही. गुरुजी म्हणतात, पोरगा मठ्ठ आहे. खरं तर त्याला हवी असते तपासणी आणि हायड्रॉक्सीयुरियासारखं औषध.

१ जुलै २०२३ रोजी सुरू झालेल्या राष्ट्रीय सिकलसेल मोहिमेत ४० वर्षांपर्यंतच्या ७ कोटी लोकांच्या तपासणीचं लक्ष्य ठेवण्यात आलं. त्यात तुम्हीही येता. लग्न ठरण्याआधी दोघांनी तपासणी करून घ्या. मात्र कार्डावर ‘एएस’ दिसलं म्हणून पोरीचं स्थळ मोडू नका. दोघंही वाहक असतील, तर डॉक्टरांशी बोलून निर्णय घ्या.

आणि हेही लक्षात ठेवा, त्याच सर्वेक्षणात राज्यातली पाच वर्षांखालची ३५ टक्के मुलं वयाच्या मानाने खुजी आढळली. मेंदूची वाढ सर्वांत वेगाने होते ती याच वयात. म्हणून कुणी जनुकांकडे बोट दाखवलं, तर आधी अंगणवाडीतल्या ताटाबद्दल विचारा.